सोळाचं अ‍ॅव्हरेज

खोली दाखवण्याआधी काकूंनी मला एक भागाकार घातला. चारशे बारा किलोमीटर आणि अडतीस पॉइंट सहा लिटर, तर लिटरला किती? नागपूरच्या हुडकेश्वर भागातल्या त्या गल्लीत मी भर दुपारी बॅग घेऊन उभी होते. सकाळपासून चार घरांनी मला एकटी मुलगी म्हणून परत पाठवलं होतं. साडेदहाच्या थोडं वर, मी म्हटलं. थोडं म्हणजे किती, त्यांनी विचारलं. दहा पॉइंट सदुसष्ट, मी म्हटलं. त्यांनी हातातल्या कागदाकडे बघितलं, मान हलवली आणि फाटक उघडलं. भाडं किती ते त्यांनी तिसऱ्या दिवशी सांगितलं, तेही मी विचारलं म्हणून.

मी सांगलीकडची. नागपुरात एका खाजगी कॉलेजात गणित शिकवायची नोकरी लागली म्हणून आले होते. कॉलेजातल्या शिपाईबाईंनी काकूंचं नाव सुचवलं तेव्हा एवढंच सांगितलं होतं, की बाई चांगली आहे, पण गाडीचं वेड लागलेलं आहे.

व्हरांड्यात पाय ठेवला तेव्हा त्याचा अर्थ कळला. तिथे सोफ्याच्या जागी मोटारीचं मागचं सीट मांडलेलं होतं. राखाडी रंगाचं, दोन माणसांचं, बाजूला पट्टे लोंबणारं. गाडीतली तिसरी रांग काकूंनी मेकॅनिकला बोलावून उपटून काढली होती. वजन कमी झालं की पेट्रोल कमी लागतं. पाहुणे त्या सीटवर बसून चहा प्यायचे आणि त्यांची मुलं पट्ट्याचं बक्कल लावत-काढत बसायची. कोणी हसलं तर काकू म्हणायच्या, अठ्ठावीस किलो आहे ते, तुम्ही उचलून दाखवा.

गाडी पोर्चमध्ये उभी असायची. गडद निळी, प्रचंड मोठी क्रॉसओव्हर. जीपसारखी उंच, आत मात्र कारसारखी मऊ, पेट्रोलवर चालणारी, गिअर नसलेली, बटण दाबून सुरू होणारी. तिच्यासाठी फाटकाचा एक खांब तोडून पुन्हा बांधावा लागला होता. काकूंचे यजमान, म्हणजे मी ज्यांना फक्त फोटोत पाहिलं ते काका, मोटारपंपांचं दुकान चालवायचे. ते भाच्याच्या हवाली करून त्यांनी मोठ्या हौसेनं ही गाडी घेतली, आणि आठ महिन्यांत, मी येण्याआधीच्या मे महिन्यात, ते गेले. हृदयविकार. एवढंच मला सांगण्यात आलं होतं. मीही जास्त विचारलं नाही.

काकू सरकारी दवाखान्यात पस्तीस वर्षं नर्स होत्या. वॉर्डात पेशंटच्या पायथ्याशी तक्ता लटकवलेला असतो, त्यात आत काय गेलं आणि बाहेर काय आलं याची नोंद असते. तसलाच एक तक्ता, क्लिप लावलेल्या पुठ्ठ्यावर, गाडीच्या समोरच्या कप्प्यात असे. पेट्रोल, किलोमीटर, बाहेरची उष्णता, टायरमधली हवा, गाडीत माणसं किती. "जे आत गेलं ते कुठंतरी निघालंच पाहिजे," हे त्यांचं आवडतं वाक्य. डाळीच्या डब्याबद्दलही त्या हे म्हणायच्या.

माझं कॉलेज शहराच्या पार दुसऱ्या टोकाला. आठवड्यातून तीन दिवस काकू मला सोडायला येत. त्या बदल्यात मी शेजारी बसून आकडे वाचायचे. पहिल्यांदा मला वाटलं, काय नशीब आपलं. पहिल्याच आठवड्यात ते मत बदललं.

निघण्याआधी माझी बॅग वजनकाट्यावर जायची. तान्ह्या बाळांचा काटा होता तो, पांढरा, वाटीसारखा. त्यात माझी बॅग निजवून काकू वजन वाचायच्या. स्टीलचा डबा कशाला, प्लॅस्टिकचा आण. हे जाड पुस्तक रोज लागतं का? मी एकदा म्हटलं, काकू, दोन टनांच्या गाडीत एका पुस्तकानं काय होणार? त्या म्हणाल्या, माझ्या वॉर्डात बी असंच म्हणत होते, एका गोळीनं काय होते.

सोमवारी सकाळी गाडी हलायच्या आत टायरमधली हवा मोजायची. गाडी चालली की टायर तापतं आणि काटा खोटं बोलतो. छपरावरचे आडवे दांडे त्यांनी कधीच काढून ठेवले होते, कारण ते वारा अडवतात. पेट्रोल एकाच पंपावर, त्याच मशीनवर, सकाळी सात वाजता. नोझलनं पहिल्यांदा टक केलं की थांबायचं. पंपावरची पोरं राउंड फिगर करू का विचारायची आणि काकू हात आडवा धरायच्या. गाडीच्या पडद्यावर अ‍ॅव्हरेजचा आकडा दिसतो, त्यावर त्यांचा काडीचा विश्वास नव्हता. पडद्यावर बारा असेल तर टाकी भरून काढलेला हिशेब अकराच्या आत यायचा. "तो आकडा म्हणजे नातेवाइकानं सांगितलेला ताप आहे," त्या म्हणायच्या. "आपलं थर्मामीटर आपण लावावं."

ब्रेक लावणं त्यांना आवडत नसे. ब्रेक म्हणजे दिलेलं औषध उलटीत काढणं. म्हणून लांबवर सिग्नल लाल दिसला की त्या पाय उचलून घ्यायच्या, आणि ती अजस्र गाडी हळूहळू, मागच्या सगळ्या रस्त्याचा जीव घेत, घरंगळत जायची. मागून हॉर्न. रिक्षावाले बाजूने जाताना मान बाहेर काढून जे बोलायचे ते हिंदीत असल्यामुळे मला अर्धंच कळायचं. काकूंचे हात स्टिअरिंगवर इतके घट्ट असत की बोटांची पेरं पांढरी पडायची. शांत बाई असती तर मला एवढं वाटलं नसतं. त्यांची भीती मला आतून ऐकू यायची. मी रोज कॉलेजच्या फाटकापर्यंत दारावरचं हँडल धरून बसायचे.

एसी वर्ज्य. ऑक्टोबरमधल्या उकाड्यात मी वर्गात पोहोचायचे ती भिजलेली. आणि कुठेही थांबलं, कोणाची वाट बघायची असली, रेल्वे फाटक लागलं, की पहिल्या सेकंदाला इंजिन बंद. त्यात मात्र काटकसरीपेक्षा काही वेगळं होतं. एकदा भाजीवालीपाशी थांबलो असता मी गडबडीत म्हटलं, असू द्या काकू, एकच मिनिट. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी पुन्हा तो शब्द काढला नाही.

आणखी एक गोष्ट मला उशिरा लक्षात आली. काकू कुठेही जायच्या, पण इतवारीच्या बाजारात जायच्या नाहीत. धान्य, कापड, भांडी, सगळं नागपूर ज्यासाठी इतवारीत जातं, ते त्या कुठून कुठून लांबून, महाग आणायच्या. तिकडून जाणारा रस्ता जवळचा पडत असला तरी वळसा घालायच्या. पेट्रोलच्या थेंबासाठी जीव टाकणारी बाई चार किलोमीटरचा वळसा घालते, हे मला कोड्यात टाकायचं.

पण सर्वांत चमत्कारिक गोष्ट दुसरीच होती. काकांच्या हातात ही गाडी नऊ द्यायची. काकूंनी ती दहावर आणली, मग साडेदहावर, दिवाळीपर्यंत साडेअकरा. दर वेळी आकडा वाढला की मी खूश व्हायचे. अडीच-तीन महिन्यांत मलाही त्यात रस वाटायला लागला होता. काकूंचं मात्र उलट व्हायचं. आकडा वाढला की त्या दिवशी त्यांना जेवण जायचं नाही. एकदा टायरमध्ये खिळा घुसला, हवा उतरत राहिली आणि अ‍ॅव्हरेज दहाच्या खाली आलं, तर त्यांनी त्या दिवशी पुरणपोळ्या केल्या. मी विचारलं, आज काय विशेष? त्या म्हणाल्या, काही नाही वं, आज जिवाले बरं वाटून राहिलं.

मला वाटलं, वाढलेला आकडा टिकणार नाही अशी त्यांना धास्ती असेल.

जानेवारीत खाप्याला जायचं ठरलं. तिथे काकूंची बहीण दिली होती. संक्रांतीचं वाण द्यायचं निमित्त. पहाटेचा गारवा होता, रस्ता मोकळा, आणि काकूंनी सत्तरच्या वर काटा जाऊ दिला नाही. एसीची गरज नव्हती. सिग्नल नव्हते. मागे एक ट्रक बराच वेळ चिकटून राहिला आणि शेवटी कर्कश हॉर्न देत इतका जवळून पुढे गेला की गाडी हलली, तेव्हा माझ्या तोंडातून आवाज निघाला. काकूंचं लक्ष नव्हतं. त्या पडद्याकडे बघत होत्या. आकडा हळूहळू चढत होता. पंधरा. साडेसोळा. साडेसतरा.

बहिणीकडे जेवण झालं. त्या दोघी एकमेकींचा हात धरून बसल्या होत्या. परतताना वाटेत एका पंपावर काकूंनी गाडी घातली. नेहमीचा पंप नव्हता, तरी घातली. कदाचित त्यांना धीर धरवेना. टाकी सकाळी भरलेली होती. नोझल टक झालं, काकूंनी हात आडवा धरला, मी भागाकार केला.

"काकू, सोळा," मी म्हटलं. "पुरे सोळा. कंपनी सांगते तेवढेच."

त्यांनी मला पुन्हा करायला सांगितलं. मी पुन्हा केला. मग त्यांनी गाडी पंपाबाहेर काढली, बाभळीच्या झाडाखाली उभी केली, इंजिन बंद केलं आणि स्टिअरिंगवर कपाळ टेकलं. मी घाबरले. पाणी दिलं. ते पिऊन त्या बोलायला लागल्या, आणि त्या दिवशी मला सगळं कळलं.

त्या मे महिन्यात, काका गेले त्या सकाळी, त्यांनी साडेनऊला टाकी काठोकाठ भरली होती. पावती गाडीतच सापडली. मग ते इतवारीत गेले, भाचीच्या लग्नासाठी भांडी बघायला. साडेबाराला काकूंना फोन आला की साहेबांची तब्येत बिघडली आहे, दवाखान्यात नेतो आहोत. काकू पोहोचल्या तेव्हा सगळं संपलं होतं. तिथल्या गर्दीत कोणीतरी बोललेलं एक वाक्य त्यांच्या कानात अडकलं. गाडी कवाची चालू आहे तिथं, एसी लावलेली. कोण बोललं ते त्यांना आठवत नव्हतं. पण त्यावरून त्यांनी समजून घेतलं, की काका चालू गाडीत, बंद काचेआड, कितीतरी वेळ तसेच पडून होते आणि लोकांना वाटलं झोपले आहेत.

तेराव्या दिवसानंतर त्यांनी टाकी भरून बघितली. पाच लिटर आणि वर थोडं. जाणं-येणं धरून गाडी एकवीस किलोमीटर चालली होती. गाडी लिटरला नऊ देत असेल तर रस्त्यात सव्वादोन लिटर गेलं, आणि उरलेलं पावणेतीन-तीन लिटर उभ्या उभ्या जळलं. उभी गाडी एसी लावून तासाला किती पिते तेही त्यांनी पोर्चमध्ये बघितलं होतं. म्हणजे पावणेदोन तासांच्या वर. आणि गाडी जास्त देत असेल, तर रस्त्यात कमी गेलं, उभ्या उभ्या जास्त गेलं.

"सोळा दिले तर किती होते?" त्यांनी विचारलं.

मला तोंडीच आलं, पण मी सांगितलं नाही.

"अडीच तास होते," त्या म्हणाल्या. "दहाला पोचला असंल माणूस. साडेबाराला फोन आला. बरोबर अडीच तास. मी नर्स आहे वं. मले माहीत आहे अर्ध्या तासात काय काय करता येते."

मग त्या म्हणाल्या, की सीट काढलं, हवा मोजली, एसी बंद ठेवला, ते गाडीनं जास्त द्यावं म्हणून नव्हतंच. "मले वाटत होतं, कितीही जीव काढा, ही गाडी नऊच्या वर जात नाही, असं निघंल. हे वाढतच गेलं."

मी गणिताची. मी त्यांना समजावलं, की मोकळ्या रस्त्यावरचे सोळा शहरात लागू होत नाहीत. थंडीतला आकडा मे महिन्यात चालत नाही. काकांनी टाकी काठोकाठ भरली होती आणि तुम्ही पहिल्या टकला थांबलात, त्यातच लिटरभर इकडे-तिकडे होतं. एवढ्या चुका पोटात घेऊन मिनिटं काढता येत नाहीत. त्या सगळं ऐकत होत्या आणि मान हलवत होत्या. शेवटी म्हणाल्या, म्हणजे मे महिन्यात, त्याच जागी, करून पाहावं लागंल.

तेव्हापासून मला धास्ती बसली ती मे उजाडेपर्यंत. मी त्यांच्या भाच्याला गाठून सांगावं का, असा विचार दहादा केला. पण काकूंनी हे फक्त मला सांगितलं होतं. मार्चमध्ये उन्हं तापायला लागली, एप्रिलमध्ये कूलर लागले, आणि काकू रोज सकाळी बाहेरची उष्णता तक्त्यात लिहीत गेल्या. त्यांचं वजन उतरलं होतं. आपलं ब्लड प्रेशर मोजून त्या पट्टा लगेच गुंडाळायच्या आणि आकडा मला सांगायच्या नाहीत. त्या जागी, त्या उन्हात, तासभर बंद गाडीत ही बाई बसणार. मला दुसरं काही दिसत नव्हतं.

मेच्या दुसऱ्या आठवड्यात रविवारी त्या म्हणाल्या, चल. मी पाण्याच्या चार बाटल्या घेतल्या. त्यांचं वजन कोणी केलं नाही.

आम्ही इतवारीत शिरलो. हातगाड्या, टेम्पो, डोक्यावर पातेल्यांची चळत घेतलेले हमाल, आणि त्यात ही एवढी मोठी गाडी. भांड्यांच्या ओळीत एका कडुनिंबाजवळ त्यांनी गाडी उभी केली. जागा त्यांना पोलिसांच्या कागदावरून माहीत होती. टाकी सकाळी भरली होती. काचा बंद केल्या, एसी पुरा लावला, घड्याळ बघितलं. अकरा वाजून दहा मिनिटं. आता एक तास, त्या म्हणाल्या, आणि मांडीवर हात ठेवून समोर बघत बसल्या. मी त्यांचा श्वास मोजत होते.

चार मिनिटं झाली असतील. काचेवर टकटक झालं. हातगाडीवाला होता, गाडी पुढे घ्या म्हणत होता. काकूंनी हातानं थांब म्हटलं. तो गेला तर दुसरा आला. मग एका टेम्पोवाल्यानं येऊन बॉनेटवर थाप मारली. मग एक बाई आली, आत वाकून बघितलं आणि काकूंचा चेहरा पाहून विचारलं, तब्येत ठीक आहे ना? पंधरा मिनिटांत पाच जणांनी काच ठोठावली. काकू प्रत्येक वेळी दचकत होत्या. पाचव्या वेळी त्या माझ्याकडे वळल्या आणि अगदी हळू म्हणाल्या, "इथं तर कोणी बसूच देत नाही."

तेवढ्यात समोरच्या तांब्या-पितळेच्या दुकानातून एक साठीचे गृहस्थ उतरून आले. गाडीभोवती अर्धी चक्कर मारली. नंबर वाचला. काच खाली केल्यावर त्यांनी काकूंकडे पाहिलं आणि हात जोडले. ही साहेबांची गाडी ना, ते म्हणाले. मीच फोन लावला होता तुम्हाला.

काकूंनी इंजिन बंद केलं. त्या गृहस्थांनी आम्हाला दुकानात नेलं, स्टुलावर बसवलं, पंखा आमच्याकडे फिरवला. मग सांगितलं ते असं. साहेब त्या दिवशी दहाच्या सुमारास आले, गाडी झाडाखाली बंद करून लावली आणि दुकानात बसले. घागरी बघितल्या, ताटं बघितली, दोनदा चहा घेतला. बारापर्यंत इथेच, याच स्टुलावर होते. भांडी पुढच्या आठवड्यात नेतो म्हणून उठले. गाडी तापलेली, म्हणून ती सुरू करून एसी लावला आणि दार उघडं ठेवून बाहेरच उभे राहिले. तिथेच खाली बसले.

"पाच मिनटं नसतील झाली ताई," ते म्हणाले. "मी आन् माझ्या भावानं उचललं. अ‍ॅम्बुलन्स आत येत नाही इथं, म्हणून आमच्याच टेम्पोत टाकलं. डोकं माझ्या मांडीवर होतं. रस्त्यातच गेले. नंतर मी आलो नाही तुमच्याकडं, पोलिसांचं झंझट नको म्हणून. ते चुकलं माझं."

मी विचारलं, मग गाडी?

गाडी तशीच राहिली, ते म्हणाले. बटणवाली गाडी, आम्हाला कोणाला बंद करता येईना, आणि पोलिस येईपर्यंत हात लावायची भीती. चावी साहेबांच्या खिशात, ती दवाखान्यात. मीच तिथं सगळ्यांना सांगत होतो, की गाडी कवाची चालू आहे, कोणीतरी जाऊन बंद करा.

काकूंनी पर्समधून फोन काढला आणि भाच्याला लावला. त्यांनी त्याला एकच गोष्ट विचारली. तू गाडी आणायले गेला तेव्हा ती चालू होती का? फोन स्पीकरवर होता. तो म्हणाला, हाव मामी, चालूच होती ना, थंडगार झाली होती आतून. अडीच वाजता मी जाऊन बंद केली.

"सांगितलं नाही तू."

"तुम्ही विचारलं नाही मामी. मले वाटलं, तुमाले माहीत आहे."

बारा ते अडीच. काकूंचा हिशेब बरोबर होता. खाप्याच्या वाटेवरचे अडीच तास अगदी चोख होते. फक्त त्या अडीच तासांत गाडीत कोणीही नव्हतं. काका त्यातला बहुतेक वेळ दवाखान्यात होते, आणि काकू त्यांच्या शेजारी उभ्या होत्या.

त्यांनी फोन मांडीवर ठेवला. रडतील असं मला वाटलं; मी उठून त्यांच्यामागे उभी राहिले. पण त्या रडल्या नाहीत. पदर कपाळावरून फिरवला, दुकानदारांनी पुढे केलेलं पाणी घेतलं, पेला रिकामा केला. मग विचारलं, की दोन तास इथं बसले होते, तर बोलत काय होते?

दुकानदार जरा अवघडले. काय सांगावं, ते म्हणाले. गाडीबद्दलच जास्त. खूप कौतुक होतं साहेबांना. "एवढी मोठी गाडी, पण सोळाचं अ‍ॅव्हरेज देते म्हणत होते. मी म्हणलं, साहेब, सोळा काही शक्य नाही. तर म्हणे, शपथ घेतो."

"सोळा?" काकू म्हणाल्या.

"हाव ताई. सोळा."

काकू त्यांच्याकडे बघत राहिल्या. त्यांचा चेहरा आधी कोरा होता, मग ओठाचा एक कोपरा हलला, आणि मग त्या हसायला लागल्या. नऊ महिन्यांत मी त्यांना हसताना पाहिलं नव्हतं. तोंडावर पदर धरून, खांदे हलवत, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत त्या हसल्या.

"लबाड बोलत होते गा ते," त्या म्हणाल्या. "नऊच्या वर कधी गेली नाही त्याईच्या हातात. अशी पळवत होते, मी मागं देवाचं नाव घेऊन बसो." मग डोळे पुसून त्या स्टुलावर नीट सरकून बसल्या. "अजून काय काय सांगितलं?"

दुकानदारांनी पोराला चहा सांगितला. साहेब म्हणाले होते की त्यांनी एकदा नागपूर ते पचमढी न थांबता गाडी नेली. खोटं, काकू म्हणाल्या, तीनदा थांबले, चार वेळा माझ्याशी भांडले. साहेब म्हणाले होते की त्यांना डॉक्टरनं एकदम फिट सांगितलं आहे. काकू म्हणाल्या, गोळ्या उशीखाली लपवत होते, मले माहीत होतं.

बाहेर कोणीतरी ओरडत होतं, निळी गाडी कोणाची. लायसन्स मी सांगलीतच काढलं होतं; काकूंच्या हातातून चावी घेतली आणि गाडी थोडी पुढे नेऊन लावली. परत आले तर त्यांचं चालूच होतं. पुन्हा कोणी ओरडलं, पुन्हा मी गेले. तिसऱ्यांदा मी गाडी ओळीच्या टोकाशी, एका भिंतीला चिकटवून लावली आणि उन्हातून चालत दुकानाकडे आले, तेव्हा पायरीवरूनच मला काकूंचा आवाज ऐकू आला. काका पहिल्यांदा त्यांना बघायला आले होते तेव्हा स्वतःची उंची किती सांगितली होती, ते त्या दुकानदारांना सांगत होत्या.